मागच्या दाराचं कुलूप

मी, या कागदाच्या शेवटी माझ्या खऱ्या नावाने सही करणार असलेला, वय त्रेचाळीस पूर्ण, धंदा किल्ल्या बनवणे व कुलपं बसवणे, आज मंगळवारी दुपारी ताईच्या घरी, कपाटाशेजारच्या टेबलावर बसून हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. कोणत्याही नशेत नाही. सकाळपासून चार चहा झालेत, तेवढेच. इथे "कोणाच्याही धाकाशिवाय" असं लिहायचं असतं, असं वकीलबाईंनी काल त्यांच्या ऑफिसात सांगितलं. ते मला लिहिता येणार नाही. धाक आहे. फक्त तो 'मृत्युपत्र लिही' म्हणणारा नाही, 'गप्प बस' म्हणणारा आहे. बाई म्हणाल्या, "अहो, भीती हा मुद्दा मृत्युपत्रात येत नाही." मी म्हटलं, "मग माझ्या मृत्युपत्रात दुसरं येणार काय?" त्यावर त्यांनी पेन माझ्याकडे सरकवलं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: गेली बावीस वर्षं 'घोगऱ्या' या नावाने रॅप करणारा तो मीच. वेल्डिंगचा मुखवटा घालून बंद पडलेल्या गोदामांत, पार्किंगच्या तळघरांत, लग्नाच्या हॉलमागच्या भटारखान्यात गाणारा. मुखवट्यामागचा चेहरा मोजक्याच माणसांना माहीत होता. परवा, गुरुवारी सकाळी अकरा वाजता, तो न्यायाधीशांसकट सगळ्यांना दिसणार आहे, कारण मला कोर्टात एक टेप द्यायची आहे आणि ती कोणी भरली ते सांगायचं आहे. गुरुवारपर्यंत मी जगेन की नाही, खात्री नाही. जगलो तरी जाईन की नाही, याचीही नाही. म्हणून हा कागद.

कलम १. घर. या दोन खोल्या आणि वरचा माळा ताईच्या व माझ्या नावावर निम्मे निम्मे आहेत. माझा निम्मा हिस्सा ताईला द्यावा. ताई शाळेचे गणवेश शिवते. तिच्या कपाटात शर्टांच्या गठ्ठ्यांमध्ये बसून मी माझं प्रत्येक गाणं रेकॉर्ड केलं, कारण कापड आवाज पितं. बावीस वर्षं तिने माझं गाणं संपेस्तोवर शिलाई मशीन बंद ठेवलं, आणि दार उघडून दर वेळी एकच विचारलं, "झालं का ओरडून?"

ताईने दाराचं कुलूप आणखी एकदा बदलावं. ते कोणाकडून बदलून घ्यायचं हे मला सुचत नाही. महिन्यापूर्वी, साक्षीदार म्हणून माझं खरं नाव कोर्टात गेल्यावर दोनच दिवसांनी, भर दुपारी एक माणूस माझ्या ठेल्यावर आला. कडक इस्त्रीचा शर्ट. किल्ली पुढे ठेवून म्हणाला, "एक डुप्लिकेट." लोक चेहरे ओळखतात तसे मी किल्लीचे दात ओळखतो. ती आमच्या या घराची होती. माझी किल्ली माझ्या खिशात होती, ताईची ताईच्या पर्समध्ये. मी काय केलं? यंत्र सुरू केलं आणि डुप्लिकेट बनवून दिली. हात आपोआप चालत राहिले. ज्याला लोक वाघ म्हणतात, त्याने ती फडक्याने पुसून पुढे केली. तो म्हणाला, "घरी सगळे बरे ना?" मी म्हटलं, "हो, बरे."

त्याच संध्याकाळी मी कुलूप बदललं. चार दिवसांनी तो परत आला आणि नव्या कुलपाची किल्ली पुढे ठेवली. "हीपण एक," म्हणाला. ताईला हे मी सांगितलेलं नाही. ताई, आता तू वाचते आहेस तर माफ कर. रोज झोपण्याआधी मी दाराला जड टेबल लावतो ते उंदरांसाठी नाही.

कलम २. ठेला, किल्ल्या कापायचं यंत्र, कानशी, कोऱ्या किल्ल्यांचे दोन डबे. हे सगळं ठेल्याशेजारच्या वेल्डरकाकांच्या सुनेला. तिचा हात माझ्यापेक्षा स्थिर आहे आणि ती गिऱ्हाइकाशी माझ्यासारखी वाद घालत नाही. यंत्राचा पट्टा घसरतो, तो घसरू द्यावा. त्या घसरण्यातूनच माझं सगळं सुरू झालं. किर्र-किर्र-टक, किर्र-किर्र-टक, आठ तास तेच ऐकताना एकविसाव्या वर्षी मी त्या ठोक्यावर गिऱ्हाइकांची टिंगल जुळवायला लागलो. किल्ली हरवलेला नवरा, किल्ली लपवलेली बायको, घरात कोंडली गेलेली सासू. समोरचा पंक्चरवाला हसून हसून ट्यूब सोडून द्यायचा.

कलम ३. वेल्डिंगचा मुखवटा. हा वेल्डरकाकांना परत करावा. पहिल्या कार्यक्रमासाठी 'दोन तास द्या' म्हणून मी तो नेला, त्याला बावीस वर्षं झाली. त्यांनी दोनदा मागितला. दोन्ही वेळा मी विषय बदलला.

कलम ४. माझा आवाज. हा कोणालाही देता येत नाही, पण त्याबद्दल लिहून ठेवणं भाग आहे. मी घोगरा नाही. माझा आवाज बारीक आहे, शाळेतल्या प्रार्थनेला पुढे उभं करतात तसा. पहिल्या स्पर्धेत मी दोन ओळी म्हटल्या आणि लाउडस्पीकरवाल्याने माईक बंद करून स्वतःच्या माईकवरून विचारलं, "बाळा, आई कुठे आहे तुझी?" अख्खा हॉल हसला. त्या लाउडस्पीकरवाल्याला मी काहीही ठेवत नाही. तो अजून जिवंत असल्यास त्याला तसं मुद्दाम कळवावं.

त्यानंतर मी कपाटात बसून टेप भरली आणि ती हळू चालवली. आठ भागांत एक भाग हळू. आवाज खाली उतरला, जाड झाला, आणि ऐकताना माझी मलाच भीती वाटली. कार्यक्रमात मुखवट्याच्या आत एक छोटं यंत्र असायचं, तेही तेच काम करायचं. तेव्हापासून मी घोगऱ्या. लोक म्हणायचे हा माणूस विहिरीतून बोलतो.

कलम ५. पंक्चर. हा माझा मित्र, याने माझे पहिले सगळे बीट बनवले: हवेचा पंप, पान्याची थापड, बादलीत बुडवलेल्या ट्यूबचे बुडबुडे. आम्ही नऊ वर्षं बोललेलो नाही. कारण मी एका मुलाखतीत 'बीट माझेच' असं म्हणालो. ते खोटं होतं. पहिल्या सहा वर्षांचे सगळे बीट त्याचे आहेत, हे मी इथे कायदेशीररीत्या मान्य करतो. टेपरेकॉर्डर, दोन्ही माईक आणि कपाटातली माझी बसायची जागा पंक्चरला. तो म्हणेल, "मेल्यावर बरी उपरती झाली." म्हणू द्यावं, त्याचं बरोबर आहे.

कलम ६. गाणी. सगळी सर्वांना फुकट, पूर्वीपासून होतीच. माझ्यामागून आलेली पोरं-पोरी आपापला आवाज आठ भागांत एक भाग हळू करून गातात. कुठल्याही तळघरात जावं तर चार-पाच घोगरे भेटतात. मला त्याचा फार अभिमान होता. हा अभिमान एका माणसाच्या जिवावर बेतला, ते पुढे लिहितो. हात थांबवावासा वाटतोय, पण लिहितो.

(शेजारच्या खोलीत वहिनी बटणं लावत बसल्या आहेत. दोरा तोडल्याचा आवाज येतो. वहिनी म्हणजे रखवालदारदादांच्या पत्नी; दादा कोण, ते पुढच्या कलमात येईल. दादा गेल्यावर मीच त्यांना ताईकडे काम मिळवून दिलं. रोज मला म्हणतात, "भाऊ, तुमचा चेहरा उतरलाय. घाबरू नका हो, मी आहे ना." त्यांनी इकडे डोकावू नये म्हणून मी कागदावर हात धरून लिहितोय.)

कलम ७. खोक्यांचा कारखाना. दोन वर्षांपूर्वी पुठ्ठ्याची खोकी बनवणाऱ्या कारखान्याला आग लागली आणि आत अडकून नऊ बायका गेल्या. पुढच्या दारात जाळ होता. मागच्या दाराला कुलूप होतं. मालकाचं म्हणणं, मागचं दार कायम उघडंच असायचं, ते कुलूप आमचं नव्हे. खरं काय ते सांगणारा एकच माणूस होता, तिथला रखवालदार. पाच महिने तो कोणाशीच बोलला नाही. मग एके दिवशी सायकलचं कुलूप उघडून घ्यायला माझ्या ठेल्यावर आला आणि तिथेच रडायला लागला. मी त्याला ताईच्या घरी आणलं, कपाटात बसवलं आणि टेप सुरू केली.

दादा म्हणाले, "बघा ना, किल्ली मालकाच्या पुतण्याकडे असायची. आठला लावायचा, पाचला उघडायचा. मी म्हटलं त्याला, साहेब, आत माणसं आहेत. तर म्हणाला, तू गेट बघ."

त्या टेपमधले दादांचे शब्द मी गाण्याच्या सुरुवातीला घातले. त्यांचा आवाज ओळखू येऊ नये म्हणून तोही हळू केला, माझ्यासारखाच. गाण्याचं नाव 'मागचं दार'. माझं सगळ्यात गाजलेलं गाणं:

पुढच्या दारी जाळ, मागच्या दारी कुलूप,
नऊ जणींनी हाका मारल्या, अख्खं शहर चूप.

या दोन ओळी लोकांनी भिंतींवर लिहिल्या. बंद पडलेली चौकशी त्यामुळे उघडली. नऊ घरांची केस वकीलबाईंनी घेतली. दादा तिथे साक्ष द्यायला तयार झाले होते.

कलम ८. जिने आवाज सोडवला ती मुलगी. गाणं गाजल्यावर मी मुखवटा घालून एक मुलाखत दिली. विचारलं, "तुमच्या आवाजाचं गुपित काय?" मी फुशारून सांगितलं, "माझा असो की दुसऱ्या कोणाचा, प्रत्येक आवाज मी आठ भागांत एक भाग हळू करतो. ना कमी, ना जास्त." कुलपं बसवणाऱ्या माणसाने किल्ली अशी टांगून ठेवली.

तीन आठवड्यांनी कॉलेजातल्या एका मुलीने 'मागचं दार'ची सुरुवात तेवढीच जलद करून इंटरनेटवर टाकली. मलाही पाठवली. "सर, तुमचं सूत्र वापरलं! मूळ आवाज किती साधा आहे ना?" दादांचा स्वच्छ आवाज, त्यांच्या 'बघा ना'सकट. अकरा दिवसांनी सकाळी दहा वाजता, कामावर जाताना, सायकलवरच्या दादांना टेम्पोने मागून उडवलं. टेम्पोला नंबर नव्हता. वहिनींना फोन गेला तेव्हा त्या दादांसाठी स्वेटर विणायला बसल्या होत्या.

त्या मुलीवर माझा राग नाही. माझे हेडफोन तिला द्यावेत आणि तिला सांगावं, बाळा, कुलूप उघडणाऱ्याचा यात दोष नव्हता. दादा माझ्या तोंडाने गेले.

कलम ९. टेप. हे कलम लिहायला मी तीनदा बसलो आणि तीनदा उठून दाराची कडी बघून आलो.

मूळ टेप कपाटाच्या खालच्या खणात, इयत्ता चौथीच्या हाफ पँटांच्या गठ्ठ्यात आहे. कोर्टाला मूळच लागते, एका जागीही कापलेली चालत नाही. फीत कापून जोडणं माझ्या हातचा मळ आहे. गेले पंधरा दिवस रोज मी कात्री घेऊन त्या टेपसमोर बसतोय. कापली नाही अजून. का कापायची आहे, ते सांगतो.

शेवटी दादा एक वाक्य बोलले आहेत. ते मी गाण्यात घेतलं नाही, वकीलबाईंना ऐकवलं नाही, कोणालाच ऐकवलं नाही. दादा म्हणाले, "बघा ना, मालक तो मालक. पण ज्याने ते कुलूप बसवलं ना, तो आपल्यासारखाच हातावर पोट असलेला कोणीतरी असणार. त्याला एकदा भेटून विचारायचंय, बाबा रे, आतून उघडायची सोय का नाही ठेवलीस?"

त्यानंतर टेपवर सतरा सेकंद काही नाही. फक्त ताईच्या भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक. मग माझा खरा, बारीक आवाज: "चहा घेता का दादा?"

ते कुलूप मी बसवलं होतं.

आगीच्या चार महिने आधी, सुट्टीच्या दिवशी. दादा त्या दिवशी कामावर नव्हते. पुतण्या मला घेऊन गेला. म्हणाला, बायका मागच्या दाराने बाहेर जाऊन वेळ काढतात. मी दार पाहिलं, माप घेतलं आणि विचारलं, "आतून खटका ठेवू ना?" म्हणजे माझ्या डोक्यात आलं होतं. माझ्या धंद्यात ते पहिल्यांदा डोक्यात येतं. तो म्हणाला, "खटका ठेवायचा तर कुलूप कशाला हवंय?" मी मान हलवली आणि आतल्या बाजूने सपाट पट्टी ठोकली. वीस मिनिटांचं काम. पट्टीच्या कोपऱ्यावर मी माझी खूण मारतो, कानशीने तीन रेघा. ती पट्टी जळकी, काळी होऊन कोर्टात ठेवलेली आहे. त्या तीन रेघा कोणाच्या, हे अजून कोणी विचारलेलं नाही.

मी अख्ख्या शहराला चूप म्हणालो. लोक टाळ्या वाजवत होते आणि मुखवट्याच्या आत मला घाम फुटायचा. दर कार्यक्रमात वाटायचं, आता कोणीतरी गर्दीतून हात वर करेल.

किल्लीवाल्या माणसाची मला भीती आहेच. रस्त्यावर मागून टेम्पो आला की मी दुकानाच्या पायरीवर चढतो. पण खरं लिहायचं तर त्याहून मोठी भीती शेजारच्या खोलीत बटणं लावते आहे. पुतण्याला अडकवायचं तर कुलूप त्याने सांगून बसवून घेतलं हे सांगणारा आता मीच उरलोय. आणि ते सांगताना वहिनी पहिल्या बाकावर असणार. कोर्टात मुखवटा चालत नाही. यंत्रही चालत नाही. मला बारीक आवाजात सांगावं लागेल.

मी गुरुवारच्या आधी मेलो तर टेप न कापता वकीलबाईंना द्यावी, सोबत हा कागद. बाई म्हणतात, अशाने काम अर्धंच होईल. मी जिवंत असून पळून गेलो तरीही हेच करावं. पंक्चरला विनंती, की 'मागचं दार' पुन्हा काढ आणि शेवटी हे कडवं तुझ्या आवाजात म्हण. आवाज हळू करू नकोस.

कुलूप कोणी बसवलं, विचारत होतास ना दादा?
तुझ्यासमोर बसला होता, हाती माईक, चेहरा साधा.
चार स्क्रू, एक पट्टी, अंगाला नाही घाम,
अठरा हात जिथं अडले ना, ते माझंच काम.

कलम १०. 'घोगऱ्या' हे नाव. कोणालाही देऊ नये. माझ्या मागे कोणी मुखवटे घालून मेणबत्त्या लावून गर्दी करू नये. भिंतींवर माझं चित्र काढू नये. काढायचंच असेल तर दादांचं काढावं, सायकलसकट.

कलम ११. साक्षीदार. ताईला या कागदाने हिस्सा मिळत असल्यामुळे तिला साक्षीदार होता येत नाही. वेल्डरकाका येताहेत. दुसरं विश्वासाचं माणूस घरात एकच आहे. मी वकीलबाईंना फोन करून विचारलं, "साक्षीदाराने कागद वाचायला लागतो का?" त्या म्हणाल्या, "नाही. तुम्ही सही करताना त्यांनी बघितलं म्हणजे झालं. वरचा भाग घडी घालून ठेवा." हे ऐकून मला इतकं हलकं वाटलं, की लाज वाटली.

घडी घातली होती. काकांनी बेल वाजवली तेव्हा पुन्हा उलगडली. माझी अट अशी: दुसऱ्या साक्षीदाराने सही करण्याआधी कलम नऊ वाचावं. सही केली नाही तरी चालेल. मी खिडकीशी उभा राहीन. बुद्धी शाबूत आहे.

स्थळ: ताईचं घर, कपाटाची खोली
दिनांक: चौदा, मंगळवार, दुपारचे सव्वाचार
सही: (खऱ्या नावाने, पूर्ण)

साक्षीदार पहिला: वेल्डरकाका. सही. "माझ्यादेखत सही केली. मुखवटा मिळाला. काच पार गेलीय, पण मिळाला."

साक्षीदार दुसरी: रखवालदाराची बायको. सही. "वाचलं. दोनदा वाचलं. मी तुम्हाला माफ केलंय असं समजू नका, ते मला अजून माहीत नाही. पण ह्यांनी विचारलं होतं आणि तुम्ही चहा पाजलात. उत्तर राहिलंय. ते कागदावर नको, पंक्चरच्या तोंडून नको, तुमच्या तोंडून पाहिजे, त्यामुळे तुम्ही मेलात तर चालणार नाही. गुरुवारपर्यंत तुम्ही आणि ताई माझ्या घरी राहा, तिथली किल्ली कोणाकडे नाही, दाराला आतून नुसती कडी आहे. सकाळी दहाला निघू. टेप मी धरते."